संकट आलं नसतं तर कामाची पद्धत बदलली असती का?

हिशेबनीस (मूळ धागा):
घरून काम जमतं हे पटायला महासाथ यावी लागली, याचं मला अजूनही वाईट वाटतं. दूरस्थ कामाचे अमेरिकी अभ्यासक जॅक निल्स १९७३ पासून हेच सांगत होते. त्याच वर्षी तेलाचं संकट येऊन प्रवास महागला, तरी कचेऱ्या जागच्या हलल्या नाहीत. मार्च २०२० नंतर मात्र सह्या, मंजुऱ्या, बैठका काही आठवड्यांत पडद्यावर आल्या. झूमच्या बैठकांत रोज सहभागी होणारे डिसेंबर २०१९ मध्ये सुमारे १ कोटी होते, एप्रिल २०२० मध्ये ३० कोटी. साधनं आधीही होतीच. अडलं होतं ते 'माणूस नजरेसमोर हवा' या हट्टापाशी. तो मोडला, हे चांगलंच झालं.

यंत्रशाळा:
साफ असहमत. पडद्यावर गेलं ते तुमचं काम. डिंगेल आणि नाइमन या अर्थतज्ज्ञांच्या २०२० च्या अभ्यासानुसार अमेरिकेतही ३७ टक्केच नोकऱ्या पूर्णपणे घरून होण्यासारख्या होत्या. माल उतरवणारा, यंत्रावर उभा असणारा, रुग्णाला कुशीवर वळवणारी परिचारिका यांचं काय? गोदामात डिजिटल म्हणून जे येतं, ते बरेचदा मोजमापच असतं: तासाला किती पेट्या उचलल्या, हात किती वेळ थांबले. तुमच्यावरची नजर हटली असेल, आमच्यावरची वाढली.

रात्रपाळी:
शिवाय संकटात नवं उभारायला उसंत कुठे असते? एप्रिल २०२० मध्ये बेरोजगार भत्त्याच्या अर्जांचा लोंढा आला आणि अमेरिकेतल्या न्यू जर्सी राज्याच्या राज्यपालांना कोबोल ही जुनी संगणक-भाषा येणाऱ्यांना जाहीर साद घालावी लागली. संगणक यंत्रणा कित्येक दशकं जुनी होती. जिथे तयारी होती तिथेच काम निभावलं.

हिशेबनीस:
तयारीचा मुद्दा मान्य. पण ट्रिप डॉट कॉम या चिनी प्रवास-आरक्षण कंपनीने १,६०० हून अधिक कर्मचाऱ्यांवर केलेला प्रयोग बघा. आठवड्यातले २ दिवस घरून काम दिल्यावर कामगिरी घसरली नाही, राजीनामे मात्र एक तृतीयांशाने घटले. महासाथीआधी किती वरिष्ठांनी असा प्रयोग करू दिला असता?

यंत्रशाळा:
फ्रान्समध्ये २०१७ पासून ५० किंवा त्याहून जास्त माणसं असलेल्या कंपन्यांना कामाच्या वेळेनंतर संपर्क तोडण्याच्या हक्काबद्दल कामगारांशी बोलणी करावी लागतात. तेव्हा कुठलीही साथ नव्हती. पेट्या मोजणाऱ्या यंत्राबद्दलही अशीच बोलणी व्हावीत, आणि यंत्र बसवण्याआधी व्हावीत.