‘परमिटेड डेव्हलपमेंट’ला मराठीत काय म्हणावे?

प्रश्न
इंग्लंडमधल्या घरबांधणीच्या नियमांवरचा मजकूर मराठीत आणते आहे. घरामागे खोली वाढवणे, पोटमाळा राहण्याजोगा करणे, परसात शेड बांधणे अशी बरीच कामे तिथे रीतसर अर्ज न करता करता येतात. त्यांना ‘परमिटेड डेव्हलपमेंट’ म्हणतात. ‘विनापरवानगी विकास’ चालेल, की ‘अनुज्ञेय विकास’?

उत्तर
‘विनापरवानगी’ अजिबात नको. मराठी वाचकाला त्यापाठोपाठ पालिकेची नोटीस आठवते. शिवाय अर्थच उलटा होतो. तिथल्या १९९० च्या नगर व ग्राम नियोजन कायद्यानुसार ‘विकासा’ला परवानगी लागतेच, पण ती अर्ज करूनच मिळते असे नाही. सरकारने काढलेला आदेशही ती देऊ शकतो. २०१५ चा सर्वसाधारण आदेश हेच करतो: दुसऱ्या अनुसूचीत कामांचे वर्ग आहेत आणि अनुच्छेद ३ त्या वर्गांना परवानगी देऊन टाकतो. म्हणजे परवानगी आहे, ती आधीच दिलेली आहे. म्हणून ‘अनुज्ञात विकास’ लिहा.

‘अनुज्ञेय’ म्हणजे अनुज्ञा देण्याजोगे. आपल्या नियमावल्यांत ‘अनुज्ञेय वापर’, ‘अनुज्ञेय चटईक्षेत्र’ हे शब्द रुळले आहेत, पण आपल्याकडे अनुज्ञेय बांधकामालाही नकाशे घेऊन अर्ज करावाच लागतो. ‘ज्ञेय’ आणि ‘ज्ञात’ यांतला हा फरक इथे फार मोलाचा आहे.

आणि ‘सरसकट परवानगी’ असे कुठेही लिहू नका, कारण मापे काटेकोर आहेत. मागची एकमजली वाढ सुट्या घराला ४ मीटर, इतर घरांना ३ मीटर. (आधी स्थानिक प्राधिकरणाला कळवून अनुक्रमे ८ आणि ६ मीटरपर्यंत जाता येते; प्राधिकरण शेजाऱ्यांना विचारते.) पोटमाळ्याची वाढ रांगेतल्या घराला ४० घनमीटर, इतरांना ५०. हद्दीपासून २ मीटरच्या आत शेड असेल तर उंची अडीच मीटरपर्यंतच. माप ओलांडले की अनुज्ञा फक्त जास्तीच्या भागाची जात नाही, सगळ्या कामाचीच जाते. फ्लॅटला तर घरवाढीचे हे वर्ग लागूच नाहीत. वाचक यावर भरवसा ठेवून गवंडी बोलावणार असेल, तर शब्दाशेजारीच ‘ठरावीक मर्यादेत’ असे यायला हवे.

शंका
घरातली भार न पेलणारी भिंत काढणे हेही ‘अनुज्ञात’च ना?

उत्तर
नाही. इमारतीच्या फक्त आत होणारे काम तिथल्या १९९० च्या कायद्याच्या कलम ५५ नुसार मुळात ‘विकास’च नाही. त्याला ‘विकासात न मोडणारे काम’ म्हणावे. आपल्या महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, १९६६ च्या कलम ४३ मध्येही आतल्या फेरफाराला सूट आहे, पण तिची मांडणी ‘परवानगी आवश्यक नाही’ अशी आहे. परिणाम सारखा वाटला तरी कायद्याचा रस्ता वेगळा आहे. अनुवादात हे दोन कप्पे एक करू नयेत. बांधकाम सुरक्षिततेचे नियम तिथे वेगळे असतात. भिंत काढताना ते लागू होऊ शकतात.

आणखी एक
‘प्रायर ॲप्रूव्हल’ला ‘पूर्वपरवानगी’ लिहिलेले पाहिले आहे. त्याने घोळ होतो. मराठीत कोणतीही आधी घेतलेली परवानगी म्हणजे पूर्वपरवानगी. तिथे मात्र परवानगी आदेशानेच मिळालेली असते. स्थानिक प्राधिकरण वाहतूक, पूरधोका, आवाज अशा नेमक्या मुद्द्यांपुरतेच काम तपासते. कार्यालयाचे घर करताना किंवा शेतावरच्या कोठाराचे घर करताना ही पायरी येते. ‘पूर्वमान्यता’ सुचवतो. पहिल्यांदा येईल तिथे एका वाक्यात अर्थही द्यावा.

कोठारावरून आठवले: त्या बदलाला ‘अकृषिक’ म्हणू नका. तो शब्द आपल्या जमीन महसूल संहितेचा आहे, त्याच्याशी आकारणी, सनद यांचा संबंध राहिला आहे. इंग्लंडच्या नियोजनात यातले काहीच नाही. ‘वापरबदल’ पुरे. मोकळ्या जमिनीवर वर्षातले २८ दिवस दुसरा वापर करण्याची मुभा आहे, तिला ‘तात्पुरता वापर’ म्हणावे.

प्रश्नकर्ती
आभार. ‘परमिटेड डेव्हलपमेंट राइट्स’ला मग ‘विकास हक्क’?

उत्तर
इथे जपून. मुंबई-पुण्यातला वाचक ‘विकास हक्क’ म्हटले की टीडीआर समजतो, म्हणजे विकता येणारी, दुसऱ्या भूखंडावर नेता येणारी गोष्ट. इथे तसे काही नाही. ‘अनुज्ञात विकासाची मुभा’ म्हणा. हा शब्द दुसऱ्या कारणानेही बरा आहे: मुभा काढून घेता येते. त्याच २०१५ च्या आदेशाच्या अनुच्छेद ४ खाली प्राधिकरण एखाद्या भागापुरते काही वर्ग बंद करू शकते आणि जुन्या वस्त्यांचे रूप राखायला ते पुष्कळदा वापरले जाते. त्याला ‘अनुच्छेद ४ चा निर्देश’ म्हणावे. काम मुभेत बसते याचा लेखी दाखला घरमालकाला प्राधिकरणाकडून मागता येतो. तो सक्तीचा नाही, पण घर विकताना उपयोगी पडतो. त्याला ‘कायदेशीर विकासाचा दाखला’ म्हणा. ‘परवाना’ म्हणू नका, कारण त्याने नवी परवानगी मिळत नाही.