मदत हवी आहे: कथेतली जुळी झांज साठ कोसांवर शक्ती पाठवते, पण तोटा कुठे दाखवू?

नमस्कार मंडळी,

दिवाळी अंकासाठी एक अद्भुतकथा लिहितोय आणि तिच्यातल्या यंत्रापाशी गाडी अडली आहे. (विज्ञानकथा नाही. 'हे शक्यच नाही' म्हणणाऱ्यांना आधीच हात जोडतो.)

यंत्र असं: घाटमाथ्यावर धबधब्याखाली पाणचक्की, तिच्या कण्याला जोडलेली कांशाची मोठी झांज. हिची जोडीदार साठ कोसांवर, कोरड्या मुलखातल्या गावात. दोघी एकाच मुशीतून, एकाच ओतीत ओतलेल्या. मंत्र म्हटला की इकडची घुमते तशी तिकडचीही घुमू लागते आणि तिच्या जोरावर गावचा तेलघाणा, जाती, विहिरीवरचा रहाट चालतो. मध्ये तार नाही, दोरी नाही. कल्पना सुचली ती खोपोलीला घाटातून उतरणारे पाण्याचे पाइप बघून. १९१५ साली तिथल्या पाण्यावर मुंबईच्या गिरण्या चालू लागल्या, तर माझ्या राजाच्या राज्यात का नाही?

खर्डा वहिनीला वाचायला दिला. ती म्हणाली, "सगळं फुकटच आहे की. मग ही माणसं भांडतायत कशावरून?" तेव्हापासून एक ओळ पुढे गेलेलो नाही.

थोडं वाचलंय. अमेरिकेत गोल्डस्टोनला १९७५ मध्ये मायक्रोवेव्हच्या झोताने साधारण दीड किलोमीटरवर तीस किलोवॅटहून जास्त वीज पोचवली होती. पण झोत म्हटला की मध्ये डोंगर आला की खेळ खलास, आणि माझ्या कथेत डोंगरच डोंगर आहेत. तर प्रश्न: जादू राखूनही खोटं वाटू नये म्हणून तोटा कुठे दाखवावा? अंतराबरोबर शक्ती कमी होत जावी का? आणि रात्री गावात सगळं बंद असताना धबधबा तर चालूच असतो, तेव्हा ती शक्ती जाते कुठे?

जाणकारांनी प्रकाश टाकावा. आगाऊ आभार.

प्रतिसाद १

पॉपकॉर्न घेऊन बसलोय. तिकडेही कृषिपंपांची थकबाकी दाखवा, भांडण आपोआप होईल.

प्रतिसाद २

वीजक्षेत्रात नोकरी केलीय म्हणून तुमच्या शेवटच्या प्रश्नापासून सुरू करतो, कारण कथा तिथेच आहे. खऱ्या ग्रिडमध्येही वीज जवळपास साठत नाही. ज्या क्षणी जेवढी वापरली जाते तेवढीच त्या क्षणी तयार व्हावी लागते. मागणी एकदम पडली की जनित्रं जोरात पळू लागतात, वारंवारितेचा ५० हर्ट्झवर राखायचा काटा वर चढतो आणि कंट्रोल रूममध्ये धावपळ होते. तुमच्या गावाने रात्री घाणा सोडला की इकडची पाणचक्की मोकाट सुटणार. कुणीतरी पळत जाऊन पाटाची फळी पाडायला हवी. साठ कोसांवरून त्याला कळणार कसं? झांजेच्या आवाजावरूनच.

तोट्याचं म्हणाल, तर १८९१ साली जर्मनीत लाउफेनच्या नदीवरून फ्रँकफुर्टच्या प्रदर्शनात १७५ किलोमीटर लांब वीज नेली. म्हणजे तुमचे साठ कोसच जवळजवळ! पाऊण हिस्सा पोचला. त्यावर हजारेक दिवे लावले आणि, हे तुम्हाला आवडेल, एक कृत्रिम धबधबा चालवला. पाण्याने पाणी पाडण्यासाठी एवढा खटाटोप.

प्रतिसाद ३

विजेच्याही आधीचं बघा. हार्झ डोंगरातल्या जर्मन खाणींत पाणचक्की खाली नदीवर आणि पंप दूर वर, असा प्रकार असायचा. मध्ये लाकडी दांड्यांची लांबच लांब रांग, एकीला दुसरी जोडलेली, सगळी मिळून मागे-पुढे हलणारी. शक्ती अक्षरशः शेतांमधून चालत जायची. बाट केझेन गावात अशी यंत्रणा अजून बघायला मिळते. तोटा प्रत्येक सांध्यात, घर्षणात. म्हणून वंगण लावत फिरणारी माणसं. तुमच्या जादूला सांधेच नाहीत, ही खरी अडचण आहे.

प्रतिसाद ४

सांधा आहे की! सूर हा सांधा.

मी सतार वाजवते. तरफेच्या तारा आपण छेडत नाही. वरची तार त्यांच्या सुरात लागली की त्या आपोआप बोलतात, सूर केसभर हलला की मुक्या. तुमच्या झांजा हेच करताहेत. २००७ मध्ये अमेरिकेतल्या एमआयटी या संस्थेत तारेची दोन वेटोळी अशीच एकमेकांशी जुळवून दोन मीटरवर ६० वॉटचा दिवा लावला होता, साधारण चाळीस टक्के शक्ती पोचली. आणि जुळणी जितकी नेमकी, तितकी ती बिघडायला सोपी.

आता धातू. घंटा तापली की तिचा सूर किंचित उतरतो. घाटमाथ्यावर गारवा, तुमच्या कोरड्या गावात वैशाख. दुपारी गावची झांज उतरणार, जोडी तुटणार, आणि गावाला पाणी सगळ्यात जास्त तेव्हाच हवं असणार. न पोचलेली शक्ती इकडच्याच झांजेत साचून ती तापेल, तडकेल. अंतराला हात लावूच नका. साठ कोस असोत की सहाशे, तोटा उन्हाचा.

धागाकर्ता

प्रतिसाद ४, काकू म्हणू की ताई म्हणू कळत नाही, पण साष्टांग दंडवत.

काल रात्री बसून पुन्हा लिहिलं. गावात झांजेवर ओलं घोंगडं टाकून बसणारी एक म्हातारी आहे, सूर सांभाळणारी. घोंगडं भिजवायला पाणी लागतं, म्हणजे रहाटाने काढलेल्या पाण्यातला वाटा आधी झांजेला, मग माणसांना. वरती पाटाची फळी सांभाळणारा एक जण. दोघांनी एकमेकांना कधी पाहिलेलं नाही. ती घाणा सोडायच्या आधी झांजेवर दोनदा टिचकी मारते, तो फळी पाडतो. वहिनीने वाचलं आणि म्हणाली, "आता भांडतील."

एकच राहिलं. तडकलेली झांज एकटी बदलता येत नाही, जोडीच नव्याने ओतावी लागते. म्हणजे सगळी सत्ता कासाराच्या हातात जाते. मग त्या मंत्राचं काय करू?

प्रतिसाद ४

ताई चालेल. मंत्र काढून टाका, कासार पुरे.