मदत हवी आहे: जॉन मर्सर लँग्स्टन यांची ओहायोतली वकिली

नमस्कार मंडळी,
आमच्या तालुका वकील संघाची स्मरणिका निघतेय, त्यात मी जॉन मर्सर लँग्स्टन यांच्यावर लेख घेतलाय. कवी लँग्स्टन ह्यूज यांच्या आजोबांचे (आईच्या वडिलांचे) हे धाकटे भाऊ. पुढे हैतीमधले राजदूत, हॉवर्ड विद्यापीठाच्या लॉ स्कूलचे डीन, व्हर्जिनियातून अमेरिकन काँग्रेसवर (तिथल्या संसदेवर) गेलेले पहिले कृष्णवर्णीय, ही मोठी पदं सगळीकडे सापडतात, पण मला त्यांची गावपातळीवरची वर्षं हवी आहेत, ती जास्त मोलाची वाटतात.

जन्म १८२९ चा, व्हर्जिनियात. वडील गोरे मळेवाले, आईला त्यांनीच गुलामीतून मोकळं केलेलं, १८३४ मध्ये दोघंही गेले आणि पोरं ओहायोत आली. १८४९ ला ओबर्लिन कॉलेजची पदवी घेतली, पण लॉ स्कूलवाले वर्णामुळे घेईनात, एका ठिकाणी तर फ्रेंच किंवा स्पॅनिश असल्याचं भासवा म्हणजे घेतो असं सुचवलं, त्याला ते तयार झाले नाहीत. शेवटी एलिरिया गावच्या फिलेमॉन ब्लिस वकिलांकडे बसून कायदा शिकले आणि १८५४ ला सनद मिळवली.

आता माझे प्रश्न.

सनद देताना हे अर्ध्यापेक्षा जास्त गोरे आहेत असं धरलं गेलं. कायदा येतो की नाही हे तपासून झाल्यावर रक्त मोजायचं, याला आधार कुठल्या निकालाचा होता?

दुसरं म्हणजे १८५५ च्या एप्रिलमध्ये ओहायोतल्याच ब्राउनहेल्म टाउनशिपचे (काउंटीखालचा गावगटासारखा स्थानिक कारभाराचा भाग) क्लार्क म्हणून ते निवडून आले. अमेरिकेत मतदानाने पद मिळवलेल्या पहिल्या काही कृष्णवर्णीयांत ते धरले जातात, आणि गुलामीविरोधी चळवळीतले कृष्णवर्णीय नेते फ्रेडरिक डग्लस यांना लिहिलेल्या पत्रात तेच सांगतात की या टाउनशिपमध्ये राहणारा काळा माणूस मी एकटाच. मग गोऱ्या शेतकऱ्यांनी त्यांना मतं का दिली असतील?

आणि तिसरं, १८६२ चा एडमोनिया लुईस खटला. ओबर्लिनमध्ये शिकणाऱ्या या मुलीवर आरोप होता की तिने सोबतच्या दोन मुलींना मसाला घातलेल्या वाइनमधून विष दिलं. खटला उभा राहायच्या आतच काही लोकांनी तिला उचलून नेलं, अर्धमेली होईस्तोवर मारलं आणि शेतात टाकून दिलं. लँग्स्टननी वकीलपत्र घेतलं आणि एकाच मुद्द्यावर बोट ठेवलं, की त्या मुलींच्या पोटातल्या द्रव्याची तपासणीच झालेली नाही, तर विष होतं हे ठरवलं कोणी? ती सुटली, आणि पुढे नावाजलेली शिल्पकार झाली. चिडलेल्या गावात फिर्यादी पक्षाच्या पुराव्यातली नेमकी फट शोधायची हे काय असतं ते आपल्यातल्या फौजदारी वकिलांना सांगायला नको. या खटल्याचं बारीकसारीक जे मिळेल ते द्या.

प्रतिसाद:
ताई, पहिल्याचं सांगतो. १८५१ च्या राज्यघटनेत मतदानाचा हक्क गोऱ्या पुरुषांनाच होता, पण ओहायो सुप्रीम कोर्टाने त्याआधीच, १८४० च्या दशकात, निम्म्याहून जास्त गोरं रक्त असलेला माणूस कायद्याने गोराच धरायचा असा निकाल दिलेला. लँग्स्टनना त्याचा फायदा मिळाला, गडद रंगाच्या माणसाला तो मिळाला नसता, हे लेखात नक्की घाला. दुसऱ्याचं उत्तर त्या भागाच्या वस्तीत आहे. ईशान्य ओहायोत न्यू इंग्लंडमधून आलेली मंडळी बरीच, गुलामीविरोधी वारं जोरात, ओबर्लिन कॉलेज तर १८३५ पासून काळ्या विद्यार्थ्यांना घेत होतं. त्यांना उभं केलं लिबर्टी पार्टीने, तीही गुलामीविरोधीच. शिवाय त्यांचे अशील बहुतेक गोरेच, म्हणजे लोक त्यांना कामावरून ओळखत होते.

धागाकर्ती:
खूप आभार दादा, निकालाचा मुद्दा आता अगदी सुरुवातीलाच घेते. आता एकच विनंती, क्लीव्हलंडच्या आसपास कोणी राहत असेल तर ओबर्लिन तिथून गाडीने तासाभरावर आहे. त्यांचं ईस्ट कॉलेज स्ट्रीटवरचं घर अजून उभं आहे, रस्त्यावरून एक फोटो काढून द्याल का? आणि कॉलेजच्या अर्काइव्हमध्ये जाणं जमलं तर १८६२ च्या फेब्रुवारी-मार्चचे ‘लोरेन काउंटी न्यूज’चे अंक बघायला मिळतात का तेवढं विचारा, स्कॅनचा खर्च मी देईन.