काकांनंतर थोडं बोलायचं होतं

बी-४०२: नमस्कार मंडळी. परवा पहाटे पावणेपाचला काकूंनी आमचं दार वाजवलं, तेव्हा काका गेलेले होते. सहाला पाणी आलं तशा काकू उठल्या आणि बादली लावली. मी अडवायला गेलो. म्हणाल्या, "सातला पाणी जातं रे. आज घरात माणसं येणार." मला पुढे बोलता आलं नाही.

बी-१०१: आमच्या लेकीचा पेपर होता. नमस्कार करून गेली. पाठवावं की नाही, कळत नव्हतं.

ए-३०४: पाठवलंत ते बरं केलंत, ताई. काकांनीच तिला गणित शिकवलं होतं ना?

बी-४०२: दोन गोष्टी सगळ्यांसाठी. माणूस घरी गेला तर मृत्यूच्या कारणाचा दाखला डॉक्टरांकडून घ्यावा लागतो, त्याशिवाय स्मशानात घेत नाहीत. काकांचे डॉक्टर गावाला गेले होते. त्यांच्या जागी बसणाऱ्यांनी येऊन तपासलं, पण जुनी फाइल मागितली. ती कपाटात, आणि चावी सापडेना. तासभर गेला. दुसरं, काकांची नेत्रदानाची इच्छा काकूंना साडेसहाला आठवली. डोळे ६ तासांच्या आत काढावे लागतात. तोवर पंखा बंद, पापण्या मिटून त्यावर ओला कापूस, डोक्याखाली उशी. वेळेत झालं.

ए-२०३: मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं असेल तरी चालतं?

बी-४०२: चालतं. चष्मा, वय यांची आडकाठी नाही. अर्ज भरलेला नसला तरी घरच्यांची संमती पुरते. म्हणून घरच्यांना माहीत हवं.

ए-६०१: मी ८१ वर्षांचा आहे. हा विषय निघाला, बरं वाटलं. घरी काढला की "अभद्र बोलू नका" म्हणतात. माझी निळी फाइल टीव्हीखालच्या खणात आहे, आधार कार्ड त्यातच. मला नेत्रदान करायचं आहे. बाराव्याला गावजेवण नको. मुलगा-सून दोघंही या ग्रुपवर आहेत, म्हणून इथेच सांगतो.

ए-६०१ (मुलगा): वाचलं बाबा. आज लवकर येतो. बसून बोलू.

बी-४०२: अजून एक. स्ट्रेचर लिफ्टमध्ये मावलं नाही. चादरीत धरून चार मजले उतरवलं. तिसऱ्या मजल्याच्या वळणावर चपलांचं कपाट आहे, तिथे काकांना तिरकं करावं लागलं. ते मला फार लागलं.

बी-३०१: आमचंच आहे. आत घेतलं आत्ताच. माफ करा.

सेक्रेटरी: काकूंचा मुलगा उद्या रात्री पोचतोय. आज सोबतीला कोण?

बी-१०१: मी जाते. उद्या सकाळचं पाणीही भरून देईन.