‘ऑथॉरिटेटिव्ह’ आणि ‘ऑथॉरिटेरियन’ यांत फरक काय?

प्रश्न
बालसंगोपनावरील एका इंग्रजी लेखात ‘ऑथॉरिटेटिव्ह’ पालकांची वाखाणणी आणि पुढच्याच परिच्छेदात ‘ऑथॉरिटेरियन’ पालकांवर टीका आढळली. कोशात पहिल्या शब्दापुढे ‘अधिकारयुक्त, हुकमी’ असे अर्थ आहेत. पण ‘हुकमी’ म्हटले की दुसराच शब्द डोळ्यांपुढे येतो. नेमका फरक कोणता, आणि पहिला शब्द माणसांखेरीज आणखी कशाला लावतात?

उत्तर १
ज्ञान, अनुभव किंवा रीतसर मान्यता यांमुळे ज्याच्यावर विसंबता येते ते ऑथॉरिटेटिव्ह. प्रश्नाला वाव न देता केवळ आज्ञापालन मागते ते ऑथॉरिटेरियन. पालकांसंबंधीचा हा भेद मानसशास्त्रज्ञ डायना बॉमरिंड यांनी १९६०च्या दशकात मांडला. रात्री मोबाइल बंद करायला दोन्ही पालक सांगतील. पण पहिला त्याचे कारण सांगेल, मुलाचे म्हणणे ऐकून घेईल आणि तरीही नियम कायम ठेवील, तर दुसरा ‘मी सांगतो म्हणून’ एवढ्यावरच विषय मिटवील. मुलांना मोकळे सोडणाऱ्यांसाठी बॉमरिंड यांनी ‘परमिसिव्ह’ हा वेगळा प्रकार मानला आहे, म्हणून ऑथॉरिटेटिव्हचा अर्थ ‘मवाळ’ असा मुळीच घेऊ नये. राजवटीबद्दल लिहिताना मात्र ऑथॉरिटेरियन हाच शब्द येतो.

उत्तर २
ग्रंथ, आवृत्ती किंवा संहिता यांना ‘ऑथॉरिटेटिव्ह’ हे विशेषण लागले की ‘प्रमाणभूत’ हा प्रतिशब्द चपखल बसतो. करारांच्या कायद्याविषयीच्या १९६९च्या व्हिएन्ना कराराचे कलम ३३ पाहा: एखादा करार एकाहून अधिक भाषांत अधिप्रमाणित (म्हणजे अस्सल मजकूर म्हणून रीतसर निश्चित) झाला असेल, तर अन्यथा ठरलेले नसल्यास प्रत्येक भाषेतील संहिता सारखीच ऑथॉरिटेटिव्ह मानली जाते. ‘ऑथराइज्ड’शीही गल्लत होऊ देऊ नये, चरित्रनायकाच्या किंवा त्याच्या वारसांच्या संमतीने लिहिलेले चरित्र ऑथराइज्ड ठरते, परंतु गैरसोयीची कागदपत्रे त्यात वगळली असतील, तर त्याला प्रमाणभूत म्हणणे मला अयोग्य वाटते.

प्रश्नकर्ता
मग कोशातील ‘हुकमी’ हा अर्थ चुकीचा समजावा काय?

उत्तर १
चुकीचा नाही, अपुरा आहे. आवाज किंवा आविर्भाव यांबद्दल बोलताना हुकमतीची छटा इंग्रजीतही असते, आणि तेथे ‘अधिकारवाणीने’ हा आपला शब्द नेमका लागू पडतो. मात्र लेखातील पालकांसाठी तो पुरणार नाही. तेथे ‘शिस्त राखणारे, पण समजावून सांगणारे’ असे फोडूनच लिहावे.