'नेबर्स'सारखं हवेत तरंगणं बांधावर कसं शूट करायचं?

खानापूरकर:
नॉर्मन मॅकलॅरेनच्या 'नेबर्स' या लघुपटात (१९५२) शेजारी हवेत तरंगत जातात. तसं पिक्सिलेशन (खऱ्या माणसांचे एकेक फोटो जोडून केलेलं अ‍ॅनिमेशन) बांधाच्या भांडणावर करायचंय. भातकापणी झालेलं शेत, डीएसएलआर, ट्रायपॉड आहे. चाचणीत माणूस वर-खाली हिसकतोय, उजेडही लुकलुकतोय. तीन सेकंदांना किती फोटो लागतील?

टिळकवाडी:
सेकंदाला २४ फ्रेमच्या टाइमलाइनवर प्रत्येक फोटो दोन फ्रेम धरा. तीन सेकंदांना ३६ फोटो, म्हणजे ३६ उड्या (दर फोटोत माणूस हवेत हवा), दर उडीला १५ सेंमी पुढे.

हिसका बसतो कारण क्लिक उडीच्या टोकाला पडत नाही. वरच्या ५ सेंमीत माणूस जेमतेम ०.२ सेकंद असतो, बघून बटण दाबलं की उशीर ठरलेलाच. बर्स्ट (एका दाबात सलग फोटो) लावा, शटर १/१००० सेकंद ठेवा आणि सर्वात वरचा फोटो निवडा. पाय जुळलेले, हात दर वेळी तसेच. धोतर नको, फडफडतं.

लुकलुक कॅमेऱ्याच्या ऑटो सेटिंगमुळे. एक्स्पोजर, व्हाइट बॅलन्स, फोकस सगळं मॅन्युअल करा. अ‍ॅपर्चर (लेन्समधलं उजेडाचं भोक) पूर्ण उघडं ठेवा, त्याची पाती दर क्लिकला नेमकी तितकीच मिटत नाहीत. तरीही राहिली तर ढग बघा की!

धसकटांत उड्या मारू नका. तुडवून वाट उमटते, ती फ्रेममध्ये दिसते. खळ्याची सारवलेली जमीन बरी.

निपाणीकर:
सगळं उड्यांवर नेऊ नका. मॅकलॅरेननं काही भाग कमी वेगाच्या कॅमेऱ्यानं, नटांना सावकाश हलवून घेतलाय. मारामारीला तेच करा: साधा व्हिडिओ, नट पाव वेगानं, एडिटमध्ये चौपट.

आवाजही वाद्यांचा नाही. कार्डांवरच्या पट्ट्यांचे फोटो फिल्मवर साउंडट्रॅकच्या जागी उमटवलेत. पट्ट्या दाट तर सूर चढा. तुम्ही ऑडॅसिटी या ऑडिओ सॉफ्टवेअरमध्ये २२० हर्ट्झची स्क्वेअर वेव्ह (चौकोनी लाटेचा सूर) घ्या, ८३ मिलीसेकंदांचे, म्हणजे दोन फ्रेमचे तुकडे पाडा. टोकांना बारीक फेड (आवाज हळूहळू चढवणं-उतरवणं) द्या, नाहीतर दर तुकड्याला 'टक्' वाजतं. (एवढं करून ऑस्कर मिळालं ते लघु-डॉक्युमेंटरीचं! आता याला डॉक्युमेंटरी कुठल्या हिशेबानं म्हणायचं?)

खानापूरकर:
३६ उड्या एका दमात होतील?

टिळकवाडी:
दमला की उडी बुटकी होते आणि तेच फोटोत दिसतं. १२-१२ च्या तीन खेपा करा, पण सगळं २० मिनिटांत आटपा, नाहीतर सावली सरकते. बॅटरी सुरुवातीलाच भरलेली घाला. मध्ये काढायला गेलात तर कॅमेरा हलतो आणि आधीच्या फ्रेमशी जुळत नाही.