मदत हवी आहे: ध्रुवीय रात्रीत रात्रपाळीचं चक्र कसं लावावं?

अंटार्क्टिकातल्या 'मैत्री' या भारतीय संशोधन तळासारख्या तळावरच्या हिवाळी मुक्कामाचं वेळापत्रक बसवतोय. माणसं पंचविसाच्या आत. सुमारे दोन महिने सूर्य उगवत नाही, आणि उन्हाळ्यापर्यंत बदली माणूस मिळत नाही. डॉक्टर आहेत, मानसोपचारतज्ज्ञ नाहीत.

दिवसपाळीचं जमलंय. उठण्याची वेळ ठरलेली, उठल्यावर तासाभरात १०,००० लक्सचा (लक्स म्हणजे उजेडाचं माप) प्रखर दिवा ३० मिनिटं, दुपारी दोननंतर चहा-कॉफी बंद, रात्रीचं जेवण एकत्र. हे सुटलं की झोप रोज थोडी थोडी पुढे सरकते, कारण शरीराचं घड्याळ २४ तासांहून किंचित लांब असतं. मग माणूस जेवायला येत नाही, खोलीत ताट नेतो, आणि चमचा कुणी धुतला नाही यावरून भांडणं! (मनःस्थितीच्या प्रश्नावलीत मात्र सगळे 'उत्तम' लिहितात. म्हणून आता जेवणाची हजेरीच पाहतो.)

अडलंय ते जनरेटरच्या रात्रपाळीपाशी. दर आठवड्याला पाळी बदलली, तर घड्याळ जुळेपर्यंत पाळी संपते. महिनाभर एकच माणूस ठेवला तर झोप बसते, पण तो बाकीच्यांपासून तुटतो. झोपेच्या गोळ्या नकोत, आगीचा भोंगा वाजला तर प्रत्येकाला लगेच उठता आलं पाहिजे.

जहाजावर किंवा खाणीत पाळ्या लावलेल्यांनी सांगावं: दोन-तीन आठवड्यांची पाळी चालते का? आणि ती सुरू होताना दिवा पहिल्या रात्री नेमका किती वाजता लावायचा, रोज किती पुढे न्यायचा?